कॅमेरा गेल्यावर गावात काय उरतं?

वैशाली नगर, भिलाईहून पुन्हा एकदा तुमच्या भेटीला आलोय.

या मालिकेत आपण बहुतेक वेळा लढाया, किल्ले आणि स्वाऱ्यांबद्दल बोलतो. भोसल्यांच्या फौजा नागपूरहून छत्तीसगढात कशा आल्या, बिंबाजी भोसले रतनपूरला कसे राहिले, हे सांगायला कागद आहेत, बखरी आहेत, इंग्रजांची दफ्तरं आहेत. आजचा विषय मात्र कागद नसलेल्यांचा आहे. ज्यांचा इतिहास कुणी लिहून ठेवला नाही, त्यांची गाणी, कथा, नाच आणि चेहरे माहितीपटांनी कसे टिपले आणि टिपलेलं ते पुढे कुठे गेलं, हे आज पाहायचं आहे.

फौजेत कारवाईच्या काळात वॉर डायरी लिहायची पद्धत आहे. तारीख, वेळ, नकाशावरची जागा, कोण होतं, काय घडलं. लिहिणारा दमलेला असतो, भाषा रुक्ष असते, पण तीस-चाळीस वर्षांनी एखाद्या जवानाचा नातू विचारायला आला तर त्याला दाखवायला पान असतं. जातं दळणाऱ्या बाईची, जलशात गाणाऱ्या शाहिराची, नाचातल्या जोक्कडाची अशी डायरी कुणी ठेवली? गेल्या सत्तर-ऐंशी वर्षांत हे काम थोडंफार कॅमेऱ्याने आणि टेपरेकॉर्डरने केलं. पण रेकॉर्डिंग झालं म्हणजे जतन झालं असं होत नाही. ज्यांचं होतं त्यांच्याकडे ते त्यांच्या नावानिशी परत आलं तरच ते जतन. माझं म्हणणं एवढंच आहे आणि ते मी काही उदाहरणांवरून सांगणार आहे.

गढबेंगालचा चेंदरू

सुरुवात आपल्याच राज्यापासून करू. बस्तरमध्ये नारायणपूरजवळ गढबेंगाल नावाचं मुरिया आदिवासींचं गाव आहे. १९५० च्या दशकात तिथे आर्ने सक्सडॉर्फ नावाचे स्वीडिश दिग्दर्शक आले. हे काही साधे गृहस्थ नव्हते. शहरातल्या माणसांवर केलेल्या त्यांच्या लघुपटाला १९४९ साली ऑस्कर मिळालं होतं. गढबेंगालमध्ये त्यांना चेंदरू मंडावी नावाचा मुलगा भेटला. वाघाच्या बछड्याबरोबर खेळणारा हा मुलगा त्यांच्या चित्रपटाचा चेहरा झाला.

१९५७ साली तो चित्रपट स्वीडनमध्ये आला. मूळ नावाचा अर्थ ‘एक जंगलकथा’. इंग्रजी नावाचा अर्थ ‘बासरी आणि बाण’. पार्श्वसंगीत पंडित रविशंकर यांचं. १९५८ च्या कान महोत्सवात तो दाखवला गेला. सक्सडॉर्फ यांच्या पत्नी अ‍ॅस्ट्रिड यांनी चेंदरू आणि वाघावर छायाचित्रांचं पुस्तक काढलं, ते युरोपातल्या मुलांच्या हातात गेलं. चेंदरू स्वतः स्वीडनला जाऊन काही काळ राहून आला. बस्तरचा जिल्हाधिकारी ज्याला ओळखत नसेल, त्या मुलाला स्टॉकहोममधली शाळकरी पोरं ओळखत होती.

मग तो गावी परतला. पुढचं सगळं आयुष्य गढबेंगालमध्येच गेलं, आणि गरिबीत गेलं. अधूनमधून एखादा पत्रकार शोधत यायचा, ‘बस्तरचा मोगली’ असं शीर्षक देऊन बातमी छापायचा आणि निघून जायचा. २०१३ साली चेंदरू वारले. आता नवा रायपूरच्या जंगल सफारीत वाघासोबतच्या चेंदरूचा पुतळा आहे. लहान मुलं त्याच्याजवळ फोटो काढतात.

आता हिशोब मांडू. त्या चित्रपटाने काय राखलं? १९५० च्या दशकातलं मुरियांचं गाव, घरं, अंगावरचे दागिने, जंगलातून चालण्याची रीत. रंगीत फिल्मवर, मोठ्या पडद्यासाठी, त्या काळच्या उत्तम कॅमेऱ्याने. ही फार मोलाची गोष्ट आहे, ती नाकारण्यात अर्थ नाही. पण हा निव्वळ माहितीपट नव्हता. खरी माणसं घेऊन, त्यांच्याच गावात, दिग्दर्शकाच्या मनातली गोष्ट रचलेली होती. पडद्यावर गाव मुरियांचं आणि पार्श्वसंगीत सतारवादकाचं. रविशंकर यांच्या थोरपणाबद्दल वादच नाही, पण मुरियांच्या गावाला स्वतःचे ढोल, स्वतःच्या बासऱ्या आणि स्वतःची गाणी होती. आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे या चित्रपटाचं जग युरोपात होतं. ज्यांच्यावर तो बनला, त्यांच्या गोंडी बोलणाऱ्या नातवंडांपर्यंत तो सहज पोचेल अशी कुठलीच सोय नव्हती.

याच गढबेंगालचे एक कलाकार आहेत पंडीराम मंडावी. लाकडावर कोरीव काम करतात आणि बांबूची बस्तरी बासरी बनवतात. तिला तिकडे ‘सुलूर’ म्हणतात. २०२५ साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली. म्हणजे ज्या गावावर ‘बासरी आणि बाण’ नावाचा चित्रपट बनला, त्या गावात बासरी टिकली ती हाताने. बापाकडून मुलाने शिकून घेतली म्हणून टिकली. चित्रपट नसता तरी ती टिकली असती. पण १९५७ सालची ती चित्रं गावातल्या आजच्या पोरांसमोर असती, तर त्यांना आपल्या आजोबांचं चालणं-बोलणं दिसलं असतं. दोन्ही गोष्टी लागतात. शिकवणारा हातही हवा आणि दाखवणारं चित्रही हवं.

सरकारी कॅमेरा

आता थोडं मागे जाऊ, कारण या कामाची मुळं मराठी मातीतही आहेत. मुंबईत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी १८९९ साली हँगिंग गार्डनमधली कुस्ती कॅमेऱ्यात टिपली. रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा, १९०१ साली, त्यांचं स्वागतही त्यांनी चित्रित केलं. म्हणजे फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ येण्याआधी बारा-चौदा वर्षं आपल्याकडे घडलेली गोष्ट जशीच्या तशी टिपण्याचं काम सुरू झालं होतं. पण विषय पाहा. नावाजलेले पैलवान आणि नावाजलेले विद्वान. ज्याला आधीच नाव होतं, त्याच्याकडेच कॅमेरा वळला.

दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारला युद्धप्रचारासाठी फिल्मा हव्या होत्या, त्यासाठी खाती उघडली गेली. स्वातंत्र्यानंतर १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं. माझ्या वयाच्या लोकांना आठवत असेल, थिएटरात मुख्य सिनेमाआधी काळी-पांढरी डॉक्युमेंटरी पाहावीच लागायची. धरणं, कालवे, लसीकरण, आणि हो, आपल्या भिलाईसारखे पोलाद कारखाने. त्यात आदिवासीही असायचे. बहुधा प्रजासत्ताक दिनाच्या संचलनात नाचताना, नाहीतर एखाद्या योजनेचा लाभ घेताना. मागून एक भारदस्त आवाज सांगायचा की हे लोक भोळे आहेत, निसर्गाची लेकरं आहेत. ते स्वतः काय म्हणतात हे क्वचितच ऐकू यायचं. फिल्म्स डिव्हिजनमध्ये मनापासून काम करणारेही पुष्कळ होते आणि त्यांनी टिपलेल्या कितीतरी चौकटी आज दुसरीकडे कुठेच मिळणार नाहीत. पण बोलायचा हक्क निवेदकाकडे होता, हे लक्षात ठेवायला हवं.

पंडवानी आणि नाचा

आमच्या भिलाईजवळच्या गनियारी गावच्या तीजनबाई तुम्हाला ठाऊक आहेत. त्यांचा जन्म पारधी समाजातला. महाराष्ट्रात पारधी म्हटलं की लोकांच्या मनात अजून काय येतं ते मी सांगायला नको. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने ज्या समाजांवर शिक्का मारला, त्यात पारधीही आले. १९५२ साली तो कायदा गेला, शिक्का मात्र गेला नाही. अशा समाजातल्या मुलीने आजोबांकडून महाभारत ऐकलं, तेराव्या वर्षी चंदखुरी गावात पहिला कार्यक्रम केला. बायकांनी पंडवानी गायचीच तर बसून गायची, असा रिवाज होता. ही उभी राहून, हातातल्या तंबोऱ्याची गदा करून गायली. समाजाने बाहेर काढलं. त्याच तीजनबाईंना पुढे २०१९ साली पद्मविभूषण मिळालं.

१९८८ साली दूरदर्शनवर श्याम बेनेगल यांची ‘भारत एक खोज’ सुरू झाली आणि महाभारताच्या भागात तीजनबाई घरोघरी दिसल्या. पुण्या-मुंबईच्या कितीतरी मराठी घरांत पंडवानी हा शब्द पहिल्यांदा तेव्हा पोचला असेल. मात्र पंडवानी रात्र-रात्र चालते. कलाकार प्रसंग फुलवतो, मध्येच गावातल्या सावकाराला टोमणा मारतो, रागी हुंकार देतो, पुढे बसलेली म्हातारी मान डोलावते. टीव्हीवर आली ती काही मिनिटं. त्या काही मिनिटांनी कीर्ती मिळवून दिली. पण जो मुलगा किंवा मुलगी पंडवानी शिकू पाहते, तिला अख्खी रात्र हवी असते.

सुदैवाने पंडवानी शिकणाऱ्या आहेत. भिलाईच्याच उषा बारले यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली. इथेही टिकाव लागला तो गुरूसमोर बसण्यामुळेच.

नाचाची कहाणी थोडी वेगळी. दुर्ग, राजनांदगाव, बालोद या पट्ट्यातले नाचाचे कलाकार म्हणजे शेतमजूर, छोटे शेतकरी, खालच्या मानलेल्या जातींतली माणसं. रायपूरचे हबीब तन्वीर यांनी त्यांना घेऊन नया थिएटर उभं केलं आणि ‘चरणदास चोर’ १९८२ साली एडिंबरापर्यंत नेला. त्याआधी १९७५ साली बेनेगल यांनी याच गोष्टीवर मुलांसाठी चित्रपट केला होता. स्मिता पाटील त्यात राजकन्या आहे आणि चोर झालेत नाचाचे लालूराम. नाव कथापटाचं असलं तरी आज आपल्यासाठी तो दस्तऐवज आहे. लालूरामांचं ते चालणं, डोळा बारीक करून बोलणं, संवाद फेकण्याची छत्तीसगढी लय, हे कुठल्याही पुस्तकात लिहिता आलं नसतं. पुढे सुधन्वा देशपांडे आणि संजय महर्षी यांनी हबीबजींवर आणि त्यांच्या मंडळीवर माहितीपट केला. त्याचं नावच ‘गाँव के नाँव थिएटर, मोर नाँव हबीब’ असं छत्तीसगढीत आहे. कलाकारांच्या बोलीतलं नाव देणं ही छोटी गोष्ट वाटेल, पण त्यातून फिल्म कुणासाठी आहे ते कळतं.

चौदा वर्षांचं चित्रण

आता महाराष्ट्राकडे वळू. बाबासाहेबांच्या चळवळीत गाण्याचं काम भाषणाइतकंच मोठं होतं. भीमराव कर्डकांसारख्यांनी आंबेडकरी जलसे उभे केले. नंतर वामनदादा कर्डक गावोगाव फिरले. ही गाणी छापील पुस्तकांत थोडी आली, एरवी ती वस्तीतल्या भिंतीजवळ, पेट्रोमॅक्सच्या उजेडात, ढोलकीवर गायली गेली आणि हवेत विरली.

आनंद पटवर्धन यांनी १९८५ च्या सुमारास मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर ‘हमारा शहर’ हा माहितीपट केला. त्यात विलास घोगरे नावाचा एक शाहीर गातो. पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला सापडला. लोक रस्त्यावर आले. राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. चार दिवसांनी विलास घोगरे यांनी आपल्या झोपडीत गळफास घेतला.

पटवर्धन यांनी तेव्हापासून चित्रण सुरू केलं आणि ते चौदा वर्षं चाललं. खटल्याचा निकाल लागेपर्यंत ते थांबले. त्या सगळ्यातून तीन तासांहून मोठा ‘जय भीम कॉम्रेड’ तयार झाला. २०१२ च्या जानेवारीत भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, खुल्या जागेत, ज्यांच्यावर तो होता त्यांच्यासमोर तो दाखवला गेला. नंतर त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला, पण मला चाळीतला तो खेळ जास्त महत्त्वाचा वाटतो.

या चित्रपटातली राजकीय मतं सगळ्यांना पटतील असं नाही. मी आयुष्यभर गणवेशात राहिलेला माणूस आहे. पोलिसांच्या बंदुकीसमोर जमाव असतो तेव्हा हुकूम देणाऱ्याच्या डोक्यात काय चालतं याची मला कल्पना आहे. पण म्हणूनच सांगतो, गोळीबाराचा हुकूम हा नंतर कागदावर सिद्ध करावा लागतो. धोका किती जवळ होता, इशारा दिला होता का, जमाव कुठे होता. त्या दिवशी गॅसचे टँकर पेटवले जाणार होते म्हणून गोळीबार केला, असं पोलिसांचं म्हणणं होतं. टँकर कुठे उभे होते, माणसं कुठे मेली, हे माहितीपटाने अंतर दाखवून तपासलं. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगानेही गोळीबार अनाठायी ठरवला होता आणि २००९ साली सत्र न्यायालयाने संबंधित उपनिरीक्षकाला दोषी धरलं. शिस्तीच्या दलाला अशा नोंदीची भीती वाटू नये. उलट अशी नोंद असेल तर खऱ्याचं खरं राहतं.

आणि या सगळ्या खटल्याच्या मध्ये, जवळपास प्रत्येक वळणावर, गाणी आहेत. शाहीर, कव्वालीच्या ढंगात गाणारे, घरात बसून गाणाऱ्या बाया, नव्या पिढीची पोरं-पोरी. चौदा वर्षांत त्यातली काही माणसं पडद्यावर वयाने वाढलेली दिसतात. एका दिवसात येऊन ‘लोककला’ शूट करून जाणाऱ्याला हे मिळालं नसतं. गाणं कुठल्या दुःखातून आलं, कुणी कुणाकडून उचललं, लग्नात कुठलं आणि मोर्च्यात कुठलं, हे कळायला तेवढी वर्षं द्यावी लागतात.

जात्यावरून परत आलेला आवाज

शेवटचं मोठं उदाहरण माझ्या मते या विषयात महाराष्ट्राचं सर्वांत मोठं काम आहे.

१९८० च्या दशकात हेमा राईरकर आणि मूळचे फ्रान्सचे गी पॉइतवाँ हे दोघे पुणे जिल्ह्यातल्या डोंगरी भागात गरीब बायांच्या संघटनेबरोबर काम करत होते. चर्चेला बसलेल्या बाया आपलं म्हणणं ओवीत सांगतात, हे त्यांच्या लक्षात आलं. मग ओव्या उतरवून घेण्याचं काम सुरू झालं आणि ते गावांतल्या कार्यकर्त्यांनीच पुढे नेलं. हजाराहून अधिक गावं, तीन हजारांहून अधिक गाणाऱ्या बाया, एक लाखाहून अधिक ओव्या. पुढे १९९० च्या दशकात बर्नार्ड बेल हे संगीताचे आणि संगणकाचे जाणकार आले आणि सुमारे १२० तासांचं ध्वनिमुद्रण झालं. प्रत्येक ओवीला गाणारीचं नाव, गाव, तालुका, विषय. फौजी माणसाला अशी नोंद पाहून फार बरं वाटतं.

हे काम अगदी वेळेवर झालं. गावोगाव पिठाच्या गिरण्या आल्या आणि पहाटेचं दळण गेलं. दळण गेलं तसं गाणं कशासाठी म्हणायचं हेही गेलं. गिरणीमुळे बायांचे कष्ट वाचले, ते चांगलंच झालं. जातं परत फिरवा असं कुणी म्हणू नये. पण पहाटे दळताना बाई जे बोलत होती, ते दिवसभर दुसरीकडे कुठे बोलत नव्हती. सासरचा जाच, आईची आठवण, पोराचं कौतुक, विठोबाशी भांडण, आणि दलित बायांच्या ओव्यांत बाबासाहेब. बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या भीमनगरातल्या बायांनी गायलेल्या बाबासाहेबांच्या ओव्या या संग्रहात आहेत. धर्मांतर, शिक्षण, मान वर करून चालणं, हा सगळा इतिहास त्यांनी जात्यावर सांगून ठेवलाय. इतिहासाच्या पुस्तकात नेत्यांचं म्हणणं मिळतं. त्या दिवसांत घरातल्या बाईला काय वाटलं, ते इथे मिळतं.

गी पॉइतवाँ २००४ साली गेले, हेमाताई २०१० साली. दोन माणसं गेल्यावर असा संग्रह कपाटात पडून मरतो, हे आपण अनेकदा पाहिलंय. इथे तसं झालं नाही. पी. साईनाथ यांनी २०१४ साली सुरू केलेल्या ‘पारी’ने, म्हणजे ग्रामीण भारताच्या संग्रहाने, हे काम पुढे घेतलं आणि २०१७ पासून ओव्या सगळ्यांसाठी खुल्या केल्या. शिवाय ते गावांत पुन्हा गेले. ज्या बायांचा आवाज वीस वर्षांपूर्वी टेपवर घेतला होता, त्यांना शोधलं, त्यांच्याशी बोलले, त्यांचे फोटो घेतले, व्हिडिओ केले. काही बाया हयात होत्या, काही नव्हत्या. जिथे नव्हत्या तिथे घरची माणसं भेटली. गेलेल्या आईचा किंवा आजीचा आवाज घरच्यांना पुन्हा ऐकता येणं, याहून मोठं जतन मला माहीत नाही.

चेंदरूच्या वाट्याला हे आलं नाही. गढबेंगालच्या चित्रपटाकडे उत्तम कॅमेरा होता, जगभर प्रेक्षक होते. ओव्यांकडे साधं टेपरेकॉर्डर आणि वह्या होत्या. पण वह्यांत नावं आणि गावं होती, म्हणून परतीची वाट सापडली.

आपल्या शेजारी झारखंडात आणखी पुढची पायरी दिसते. रांचीच्या ‘अखडा’ या संस्थेत मेघनाथ यांच्याबरोबर बीजू टोप्पो काम करतात. बीजू स्वतः उरांव समाजातले. त्यांनी रामदयाल मुंडा यांच्यावर ‘नाची से बाँची’ केला. लोहरदग्याच्या जुन्या छोट्या रेल्वेगाडीवर आणि तिच्यात वाजणाऱ्या गाण्यांवरही त्यांची फिल्म आहे. इथे कॅमेरा बाहेरून आलेला नाही, अखड्यात नाचणाऱ्याच्याच हातात आहे. मराठीत हे साहित्यात आधी घडलं. लक्ष्मण माने यांचं ‘उपरा’, लक्ष्मण गायकवाड यांचं ‘उचल्या’. भटक्या-विमुक्तांनी आपली गोष्ट आपण लिहिली. आता मोबाइलमुळे तीच गोष्ट चित्रणात शक्य झाली आहे.

आता आपलं काम

पण मोबाइलवर माझा विश्वास थोडा कमी आहे, त्याचं कारण सांगतो. फिल्म नीट ठेवली नाही तर तिला आंबूस वास सुटतो आणि ती आकसते. टेपवरचा लेप सुटतो. कॅसेट शाबूत राहिली तरी वाजवायचं यंत्र मिळत नाही. ‘राजा हरिश्चंद्र’ची काहीच रिळं आज आपल्याकडे आहेत. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली सुरू झालं, तोवर पुष्कळ काही गेलेलं होतं. आणि मोबाइल? फोन बदलला, पाण्यात पडला, जागा भरली म्हणून मुलाने व्हिडिओ पुसले, की संपलं. लग्नातली हळदीची गाणी म्हणणारी आजी त्यातच जाते.

भिलाईत विदर्भातून आलेली कितीतरी मराठी घरं आहेत. कारखाना उभा राहिला तेव्हा भंडारा, गोंदिया, नागपूरकडून माणसं आली. त्यात मजूर होते, कारागीर होते, भीमजयंतीला गाणारे होते, दंडार पाहून वाढलेले होते. ती पिढी आता ऐंशीच्या पुढे आहे. त्यांचं कुणी रेकॉर्डिंग करायला स्वीडनहून येणार नाही.

म्हणून चार गोष्टी सांगतो, फौजेतल्या सूचनांसारख्या. एक, रेकॉर्डिंगच्या सुरुवातीलाच माणसाच्या तोंडून नाव, गाव, आजची तारीख आणि हे कुणाकडून शिकलो ते बोलून घ्या. दोन, मध्ये तोडू नका. गाणं वीस मिनिटांचं असेल तर वीस मिनिटं चालू द्या, चुकलं, खोकला आला, नातू रडला, सगळं राहू द्या. तीन, तीन प्रती करा आणि तीन वेगवेगळ्या घरांत ठेवा. एक प्रत ज्यांचं गाणं त्यांच्या घरी गेलीच पाहिजे. चार, परवानगी विचारा. काही गाणी देवाची असतात, काही फक्त बायकांची असतात. दाखवू नका म्हटलं तर दाखवू नका. त्यांनी नकार दिला तर तीसुद्धा एक नोंदच आहे.

आणि कुठलाही माहितीपट पाहताना तीन प्रश्न विचारत जा. यात बोलतंय कोण? ज्यांना दाखवलंय त्यांची नावं शेवटी आहेत का? आणि त्यांच्या गावात ही फिल्म कुणी पाहिली आहे का? या प्रश्नांची उत्तरं मिळाली की फिल्म किती मोठ्या महोत्सवात गेली हे विचारायची फारशी गरज राहत नाही.

पुढच्या भागात पुन्हा इतिहासाच्या नेहमीच्या वाटेवर येऊ. बिंबाजी भोसल्यांच्या रतनपूरच्या कारभाराबद्दल बोलायचं राहिलं आहे. तोवर घरातल्या सर्वांत वयस्क माणसासमोर अर्धा तास बसा आणि त्यांना एक गाणं म्हणायला सांगा.

जय हिंद. जय जोहार.